सात चिंचांची नोटीस

संस्कृतीचा फोन आला तेव्हा मानसिंगराव काटेवाडीच्या घरी ओट्यावर बसून गुडघ्याला तेल चोळत होते.

"काका, ऑफिसात एक आजी आल्यात. डाळजकडच्या, सारजाबाई नावाच्या. माझ्याशी धड बोलायलाच तयार नाहीत. मानसिंगरावांना बोलवा, त्यांच्याच हातात कागद देणार म्हणतात."

मानसिंगरावांनी तेलाच्या बाटलीला बूच लावलं. "येतो," एवढंच म्हणाले. कुणाचा फोन, असं बायकोनं, कौसल्याबाईंनी आतून विचारलं, तर त्यांनी ऐकूच न आल्यासारखं केलं. चौऱ्याहत्तराव्या वर्षी माणसाला ही एक सोय होते.

सारजा म्हणजे बिरदेवची बायको. बिरदेवला जाऊन चार वर्षं झाली. त्याच्या मातीला मानसिंगराव गेले नव्हते. गुडघ्याचं ऑपरेशन झालंय असं सांगितलं होतं, आणि ते खोटंही नव्हतं. पण गुडघा नवाकोरा असता तरी आपण गेलो नसतो, हे त्यांचं त्यांना ठाऊक होतं. बिरदेवच्या वस्तीवर त्यांनी तेहेतीस वर्षांत पाऊल टाकलं नव्हतं. वडापच्या गाडीत दाटीवाटीनं बसून बारामतीला जाताना त्यांच्या डोक्यात हेच घोळत होतं.

संस्कृतीचं वकिलीचं ऑफिस जुन्याच जागी होतं. तिचे आजोबा विजयसिंह वकील तिथं बसायचे आणि त्यांच्या पदरी मानसिंगरावांनी अडतीस वर्षं कारकुनी केली. आता भिंतींना पांढरा रंग होता, टेबलावर दोन कॉम्प्युटर होते आणि कुठं धुळीचा कण नव्हता. मानसिंगरावांना मात्र पायरी चढताच जुना वास आला. कार्बन पेपरचा, लाखेचा, लाल फडक्यात बांधलेल्या दप्तरांचा. साहेब हात मागं बांधून येरझाऱ्या घालत मजकूर सांगायचे आणि मानसिंग टाइपरायटरवर तो बडवायचा. स्वल्पविराम चुकला तर साहेब जागच्या जागी थांबायचे. संध्याकाळी बोटं निळी झालेली असायची आणि त्या निळ्या बोटांनीच समोरच्या हॉटेलातली भजी खाल्ली जायची. किती बरे दिवस होते ते. पगार बेताचा होता, पण साहेबांचा कारकून म्हटलं की कोर्टातला शिपाईसुद्धा खुर्ची सरकवायचा.

भिंतीवर एका खतवाल्याचं कॅलेंडर असायचं. त्यावर बोट ठेवून साहेब मुदती मोजायचे. त्यांचा एकच नियम होता. "मानसिंग, तारीख कुणाच्या तोंडून घ्यायची नाही. शिक्क्यावरून घ्यायची." ते कॅलेंडर आता नव्हतं. त्याजागी थंड हवेचं यंत्र घरघरत होतं.

सारजा खुर्ची सोडून खाली भिंतीला टेकून बसली होती. अंगानं वाळली होती, पण नजर तीच. "या मानसिंगराव," ती म्हणाली, जणू तीच या घरची धनीण. "गुडगा कसा हाय?"

"बरा आहे, वहिनी."

"बरं झालं. येता आलं म्हंजी बराच असंल."

मानसिंगरावांनी मान खाली घातली. सारजानं पिशवीतून एक कागद काढून त्यांच्या हातात दिला. रस्त्याचं काम बघणाऱ्या कचेरीचा हुकूम होता. हायवेवरून वस्तीकडे फुटणारा रस्ता रुंद करायचा आहे, सबब रस्त्याच्या हद्दीतली मागाची खोली आणि चिंचेचं झाड हे अतिक्रमण सात दिवसांत हटवावं, नाहीतर येत्या सोमवारी सरकारी खर्चानं हटवलं जाईल. दारावर कागद चिकटवला होता सोमवारी. आज गुरुवार.

"मोजनी झाली न्हाय, काय न्हाय," सारजा म्हणाली. "आजेसासऱ्यापासनं जागा आमची. आन् ह्या सोमवारी घट बसत्यात. घट बसायच्या दिशी जेसीबी आणनार म्हनत्यात."

त्या मागाच्या खोलीत सारजा अजून घोंगडी विणत होती. मेंढरं कधीच गेली, पोरं ऊस करू लागली, पण माग तिनं मोडू दिला नव्हता. आणि चिंच नसली तर माग नुसताच. झाडाच्या सावलीत लोकरीचा ताणा लांबच लांब ताणायचा आणि त्याला त्याच झाडाच्या चिंचोक्यांची खळ लावायची, ही त्या घराची रीत. उन्हात ताणा ठेवला तर खळ भरभर वाळते आणि सूत तुटतं. तिला एवढंच राखायचं होतं, ती खोली आणि ते झाड.

संस्कृतीनं हुकूम दोनदा वाचला. "मनाई मिळण्यासारखी आहे, आजी. पण मध्ये कलम ऐंशी आडवं येतं."

हे कलम ऐंशी म्हणजे सरकारचा मोठा लाड आहे. शेजाऱ्यावर दावा लावायचा तर सकाळी भांडावं आणि दुपारी लावावा. पण सरकारवर, किंवा सरकारी साहेबावर त्याच्या कामाबद्दल दावा लावायचा तर आधी लेखी नोटीस द्यायची आणि दोन महिने गप बसायचं. का, तर साहेबाला विचार करायला सवड मिळावी. साहेब सात दिवसांत घर पाडू शकतो, पण विचार करायला त्याला दोन महिने लागतात. आता अगदीच घाईचं असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीशिवाय दावा लावता येतो. तरीसुद्धा सरकारचं म्हणणं ऐकल्याशिवाय कोर्ट मनाई देत नाही, आणि घाई खरी वाटली नाही तर दावा परत हातात देतं. जा, नोटीस द्या, मग या.

"सरकारी वकील पहिला प्रश्न हाच विचारेल, की रस्त्याची कुणकुण तुम्हाला कधी लागली?" संस्कृती म्हणाली. "आधीच माहीत असून गप्प बसला असाल, तर घाई तुमची तुम्हीच ओढवून घेतली म्हणेल."

"आखाडात लाल रंगानं झाडावर फुली मारून गेले की," सारजा म्हणाली.

संस्कृतीनं कपाळाला हात लावला. "मग तेव्हाच नोटीस द्यायला हवी होती."

"दिलीया न्हवं."

सारजानं पिशवीत पुन्हा हात घातला. आधी एक टाइप केलेला कागद निघाला, मग काळ्या लोकरीची एक दोरी. दोरीला जागोजाग गाठी होत्या. मानसिंगरावांनी कागद उजेडात धरला आणि पहिल्याच ओळीवर थांबले. 'आमचे मालकीवहिवाटीचे जागेत असलेली चिंचेची सात झाडे व मागाची खोली, यांस आपले हुकमाने बाधा पोहोचत असलेने...' ही साहेबांची भाषा होती. तो स्वल्पविरामसुद्धा साहेबांचाच.

"ही कुठं मिळाली?"

"मालकानी पेटीत जपून ठेवल्याली, तुमची जुनी कार्बनची कापी. इंदापूरला टायपिंगवाल्याकडं नेली. म्हनलं, नाव माझं घाल, साल बदल, बाकी एका अक्षराला हात लावू नगंस. येक त्या सायबाच्या हापिसात दिली, येक कलेक्टरला रजिस्टरनं धाडली, व्हती तशी. शिक्का हितं हाय बघा."

शिक्का होता. चोवीस जुलै. दिव्याची अवस. पोस्टाची पोहोचही मागं टाचली होती.

"आणि ही दोरी?" मानसिंगरावांनी विचारलं, जरी त्यांना उत्तर कळलं होतं.

"रोज सकाळी येक गाठ. बासष्ट मारायच्या, मगच कोर्टाची पायरी चढायची, आसं मालक सांगून गेल्यात. आवसंला आवस धरायची न्हाय."

मानसिंगरावांनी गाठी मोजल्या. छप्पन भरल्या. मग मोबाइलवर तारखा काढून बोटानं मोजल्या. छप्पनच. मुदत भरत होती बुधवारी आणि जेसीबी येणार होता सोमवारी. दोन दिवस. त्यांनी संस्कृतीकडे पाणी मागितलं.

ब्याण्णव साली त्या रस्त्याच्या कडेला सात चिंचा होत्या आणि तेव्हाही त्या रस्त्यात आल्या होत्या. बिरदेव आला, साहेबांनी नोटीस सांगितली, मानसिंगनं टाइप केली. दिव्याच्या अवसेला, एकोणतीस जुलैला, कचेरीत शिक्का पडला. साहेबांनी बिरदेवला बजावलं होतं की बासष्ट दिवस भरल्यावर ये. बिरदेव मेंढरांमागं फिरणारा माणूस, त्याचं कॅलेंडर आभाळात. सर्वपित्री अवस झाली तसा सोमवारी सकाळी तो दारात हजर. "दोन आवसा झाल्या मानसिंगराव. भरलं दोन म्हैनं."

दोन अवसांचे दिवस होतात एकोणसाठ, आणि वर एक रविवार. तीस तारखेला लावायचा दावा त्यांनी अठ्ठावीसला लावला. शिक्क्याचा कागद मानसिंगच्या टेबलावर दप्तरात बांधलेला होता. फडकं सोडायला आणि कॅलेंडरवर बोट फिरवायला मोजून पाच मिनिटं लागली असती. पण वालचंदनगरला मेहुण्याच्या कंपनी क्वार्टरमध्ये कलर टीव्ही आला होता आणि मानसिंगला चारची एसटी धरायची होती. त्यानं बिरदेवच्या तोंडून तारीख घेतली, 'नोटिशीची मुदत पुरी झाली आहे' असं टाइप केलं, आणि साहेबांनी त्याच्यावर विसंबून सही केली.

सरकारी वकिलानं दोन दिवस बरोबर पकडले. दावा फेटाळला गेला. साहेबांनी नव्यानं कागद तयार करायला घेतले, पण त्याच आठवड्यात सात चिंचांपैकी सहा आडव्या झाल्या. सातवी मागाच्या खोलीमागं होती म्हणून राहिली. साहेबांनी दोघांना समोर उभं केलं आणि विचारलं, "तारीख कुणी धरली?"

मानसिंगनं तोंड उघडायच्या आत बिरदेव बोलला होता. "मी सांगितली साहेब. आवसंला आवस धरली. माझीच चूक."

मानसिंग गप्प राहिला. साहेबांनी त्याच्याकडे क्षणभर पाहिलं आणि दप्तर बांधलं. पुढं ऑफिसात तो एक विनोदच होऊन बसला. कुणी वेळेआधी आलं की म्हणायचे, ह्याच्याकडं बिरदेवचं कॅलेंडर आहे. सगळे हसायचे. मानसिंगही हसायचा, आणि घरी गेल्यावर त्याला जेवण जायचं नाही.

एवढं होऊन बिरदेवनं येणं सोडलं नाही. दर वर्षी शिमगा झाला की उरलेल्या झाडाची चिंच फोडून, मीठ लावून, गोळे करून कापडी पिशवीतून आणायचा. ओट्यावर बसायचा, पाऊसपाण्याचं बोलायचा, दोन कप चहा घ्यायचा. बोलणं संपलं तरी उगाच थोडा वेळ बसून राहायचा. मग रिकामी पिशवी झटकून घडी घालायचा आणि जायचा. त्या चिंचेच्या आमटीवर कौसल्याबाईंची अख्खी आळी खूश होती. मानसिंगरावांना वाटायचं, किती भोळा माणूस हा, ह्याच्या मनात काहीच नाही.

शुक्रवारी सकाळी संस्कृतीनं दावा दाखल केला. सोबत परवानगीचा अर्ज, हुकूम, नोटिशीची प्रत आणि पोहोच. न्यायाधीशांनी सरकारी वकिलांना जेवणाच्या सुट्टीनंतर म्हणणं मांडायला सांगितलं. मानसिंगराव मागच्या बाकावर सारजाशेजारी बसले. हातात दप्तर नव्हतं तरी ते मांडीवर दप्तर असल्यागत हात ठेवून बसले होते.

सरकारी वकील उठले. नोटिशीची मुदत अजून भरलेली नाही, म्हणाले. शिवाय नोटीसच सदोष आहे. "नोटिशीत चिंचेची सात झाडं लिहिलीत. जागेवर प्रत्यक्षात एकच झाड आहे. जी झाडं नाहीतच त्यांच्यासाठी तातडी कसली?"

मानसिंगरावांच्या आता ध्यानात आलं. टायपिंगवाल्यानं एका अक्षराला हात लावला नव्हता, आणि आपण कागद वाचताना साहेबांच्या भाषेत एवढे हरवलो की सात हा आकडा डोळ्यांसमोरून गेला. पुन्हा तेच. पुन्हा आपण कागद नीट बघितला नाही.

न्यायाधीशांनी मागं पाहिलं. "अर्जदार बाई आल्यात का? आजी, झाडं किती आहेत?"

सारजा उभी राहिली. "येक हाय सायेब."

"मग नोटिशीत सात का लिहिली?"

"सातच व्हती. सा तुमी नेली की."

कोर्टात हशा पिकला. सरकारी वकीलसुद्धा फायलीत तोंड घालून हसले. न्यायाधीशांनी हसू आवरलं आणि त्यांना विचारलं, "नोटीस मिळून सत्तावन्न दिवस झाले. तुमच्या ऑफिसनं काही उत्तर दिलं का?" सरकारी वकिलांनी फाइल चाळली. उत्तर नव्हतं. मोजणीचा कागदही नव्हता.

संस्कृती हळू आवाजात पण एकेक शब्द तोलून बोलली. बाईंनी फुली दिसताच नोटीस दिली. त्या थांबायला तयार होत्या, कचेरी थांबायला तयार नव्हती. ही घाई अर्जदाराची नाही, समोरच्यांची आहे. आणि बाई कोण, तक्रार काय, मागणं काय हे नोटिशीतून नीट कळत असेल तर झाडांच्या आकड्यावरून दावा अडवता येत नाही. ती बोलताना मध्येच थांबली आणि हात मागं बांधून उभी राहिली. मानसिंगरावांना हुंदका आला, तो त्यांनी खोकल्यात दडवला.

चार वाजता हुकूम झाला. मुदतीआधी दावा लावायला परवानगी, आणि हद्दीची मोजणी होऊन पुढची तारीख होईपर्यंत खोली आणि झाड जैसे थे. संस्कृती नक्कल घेऊन कचेरीत पोचवायला पळाली. तिला शिक्का घ्यायची आठवण मानसिंगरावांनी करून दिली. ती म्हणाली, "माहितीय काका, आजोबांची नात आहे मी."

कोर्टाच्या आवारातल्या टपरीवर दोघं चहाला बसले. सारजानं बशीत चहा ओतला. मानसिंगरावांनी कपाला हात लावला नाही.

"वहिनी, ब्याण्णवला चूक बिरदेवची नव्हती. शिक्का माझ्यापाशी होता. मी फडकं सोडून बघितला नाही. मला वालचंदनगरची एसटी धरायची होती."

सारजानं बशीवर फुंकर घातली आणि घोटभर चहा घेतला.

"ठावं हाय," ती म्हणाली.

"कुणाला?"

"आमा दोघास्नी बी. त्याच सांजंला मालक म्हनले, मला शिक्का वाचाया आला आसता तर मानसिंगरावाकडं कशापायी गेलो आसतो?"

"मग साहेबांपुढं स्वतःवर का घेतलं त्यानं?"

"तुमची नोकरी गेली आसती. म्हनले, झाडं तर जायालाच लागलीत, आता वर मानूस कशाला घालवायचं."

सारजानं बशी खाली ठेवली.

"वरसाच्या वरसाला चिंच घिऊन यायचे न्हवं तुमच्याकडं? घरला आले की मी इचारायची, म्हनले का काय मानसिंगराव? न्हाय, म्हनायचे. म्हनतील म्होरल्या साली."

अठ्ठावीस वर्षं. अठ्ठावीस पिशव्या. बोलणं संपल्यावर ओट्यावर उगाच बसून राहणारा बिरदेव मानसिंगरावांना आता स्वच्छ दिसला, आणि त्या टपरीवर, येणाऱ्याजाणाऱ्या वकिलांच्या देखत, ते लहान पोरासारखे रडले. सारजानं त्यांना रडू दिलं. गप राहा म्हणाली नाही, की जाऊ द्या म्हणाली नाही.

मग तिनं पायाशी ठेवलेली कापडी पिशवी उचलून त्यांच्या मांडीवर ठेवली. वजन ओळखीचं होतं, वासही.

"औंदाची हाय. मालक गेल्यापासनं द्यायची राहिली व्हती."

मानसिंगरावांनी सवयीनं पिशवी रिकामी करायला काहीतरी शोधलं. सारजानं हातानं थांबवलं.

"ऱ्हाऊ द्या. पिशवी तुमी घरला आनून द्या. बुधवारी या. बासष्टावी गाठ बुधवारी हाय, झाडाखाली बसू."

"येतो," मानसिंगराव म्हणाले.

तिला भिगवणच्या एसटीत बसवून ते काटेवाडीला आले. कौसल्याबाईंनी पिशवी हुंगली आणि त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. मानसिंगराव चष्मा लावून स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरपुढं उभे राहिले आणि त्यांनी आजच्या तारखेवर बोट ठेवलं. शनिवार, रविवार, सोमवार, मंगळवार, बुधवार. पाचच दिवस होते, तरी त्यांनी ते दोनदा मोजले.